काशीपर्यंत नाचत येईन

“बाई, सुपारी तोंडात टाकू नका!” मी राहुटीच्या दारातूनच ओरडलो.

पाहुणा फार लांबून आलाय, एवढंच बाहेर कळलं होतं, पण मला उशीर झाला होता. हौसाबाईंनी ती दाढेखाली धरून फोडलीसुद्धा होती. समोर सतरंजीवर पांढऱ्या टोपीतला एक पाहुणा बसलेला, मांडीवर नारळ, चेहऱ्यावर समाधान. त्यानं नारळ बाईंच्या ओटीत ठेवला आणि हात जोडले.

“झालं काम,” तो म्हणाला. “आता आमच्या भवानीची जत्रा तुमच्या भरवशावर.”

“गाव कुठलं?” मी विचारलं.

“पिंपळझिरी. जळगाव जिल्हा.”

नेमकं जळगाव! पाहुण्यासमोर काय बोलायचं? चहा मागवला, त्याला विट्याच्या स्टँडवर सोडून आलो, आणि परत येऊन बाईंच्या पुढ्यात फतकल मारून बसलो.

“काय केलंत हे? दुसरा कुठला जिल्हा मिळाला नाही महाराष्ट्रात?”

“माझ्यावर खेकसू नगंस, मुडद्या. देवीच्या नावाची सुपारी. समोर धरल्यावर नको कसं म्हणू?”

आमच्या तमाशाच्या धंद्यात कागद नंतर होतो. गावचा माणूस देवाचं नाव घेऊन पान-सुपारी पुढं करतो. मालकिणीनं ती तोंडात टाकली की शब्द गेला. मग पाऊस येवो, आजारपण येवो, घरात मयत झालेली असो, ठरल्या दिवशी फड त्या गावात उभा राहणार म्हणजे राहणार. हौसाबाई कोळेगावकरांनी उभ्या आयुष्यात एकही सुपारी माघारी केली नव्हती. त्यांची आई अंगात ताप घेऊन स्टेजवर उभी राहिली आणि उतरल्यावर गेली, हे त्या कुणी नवीन पोरगी फडात आली की तिला पहिल्या दिवशी सांगायच्या.

मी दत्तू, त्या फडातला सोंगाड्या. माणसं हसवणं हा माझा धंदा. पण त्या दिवशी मला काही हसू आलं नाही.

कारण आमची केस. ती सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. फडाचं नाव होतं ‘बाबूराव सह हौसाबाई कोळेगावकर लोकनाट्य तमाशा मंडळ’. बाबूराव म्हणजे बाईंचे थोरले भाऊ. आमच्यात अशीच रीत. एकाचं नाव गाजलं की त्याच्यामागं ‘सह’ लावून दुसऱ्याचं नाव जोडायचं. माणसं जुन्या नावावर येतात आणि नवीन नाव ऐकून घरी जातात. बाबूराव वारले तसा त्यांचा पोरगा नंदू हट्टाला पेटला, की आता माझंही नाव ‘सह’ लावून जोडा.

बाई म्हणाल्या, “आधी ढोलकीवर हात बसव. नाव काय, पळून चाललंय का?”

नाव नाही पळालं, नंदू पळाला. सासुरवाडी जळगावची. तिकडं त्यानं स्वतःचा फड काढला, आणि एका वकिलाच्या सल्ल्यानं ‘बाबूराव सह हौसाबाई कोळेगावकर’ हे अख्खं नाव आपला ट्रेडमार्क म्हणून नोंदवून घेतलं. वर बाईंचा गाजलेला वग, ‘वैरीण झाली सावली’, त्याची पुस्तिका छापून लेखक म्हणून स्वतःचं नाव घातलं. आम्हाला आधी हसायलाच आलं. ट्रेडमार्क साबणाला असतो, विडीला असतो, माणसाला कधी असतो व्हय! मग जळगाव कोर्टाची नोटीस आली. हौसाबाईंनी हौसाबाई हे नाव लावू नये, अशी मागणी होती.

सांगलीच्या वकील शबाना मुजावर यांनी आमचं वकीलपत्र घेतलं. वयानं तरुण, पण जिभेला धार. त्यांनी बाईंच्या वतीनं सांगलीच्या जिल्हा कोर्टात उलटा दावा लावला, की नाव बाईंचं, वगही बाईंचा. सांगलीच्या जज्जांनी निकाल लागेपर्यंत बाईंना स्वतःचं नाव लावायला मुभा दिली. वगाचं विचारलं, लिहिलेलं काही आहे का. बाई म्हणाल्या, “साहेब, मला अक्षर येत न्हाई. माझा वग तोंडात हाय.” जज्ज म्हणाले, मग ज्यांनी वर्षानुवर्षं तुमच्या तोंडून ऐकला त्यांना आणा, त्यांची साक्ष घेऊ. बाईंचा चेहरा असा फुलला म्हणता! आमच्या भागातल्या जत्रांचे म्हातारे पंच, जुने ढोलकीवाले, सगळे यायला तयार झाले. धोतर धुऊन ठेवलेलं, काठीला तेल लावलेलं. सांगली म्हणजे एका एस.टी.चा प्रवास.

तेवढ्यात नंदूनं मुंबईत हायकोर्टात अर्ज टाकला. आत्याचा सांगलीतला दावा जळगावला पाठवा, दोन्ही केसेस एकाच ठिकाणी चालू द्या.

दावा जळगावला गेला की आमची साक्ष मेली. ती म्हातारी माणसं तिथवर जाणार कशी आणि दर तारखेला जाणार कुठून? मुजावरबाईंनी हायकोर्टात बाईंचं प्रतिज्ञापत्र दिलं होतं. बाईंचं वय झालंय, गुडघे सुजतात, लांबचा प्रवास झेपत नाही, फड आता सांगली, सातारा, कोल्हापूर एवढ्यातच फिरतो. आणि त्यावर बाईंनी जळगाव जिल्ह्याची सुपारी खाल्ली!

दुसऱ्या दिवशी मी बाईंना घेऊन मुजावरबाईंच्या ऑफिसला गेलो. त्यांनी ऐकलं आणि कपाळाला हात लावला.

“बाई, तुम्ही तिकडं गेलात तर मी हायकोर्टात काय तोंड दाखवू? लांबचा प्रवास झेपत नाही, असं आपण शपथेवर लिहून दिलंय.”

“खोटं कुठं हाय? न्हाईच झेपत. ह्यो गुडघा बघा.”

“मग जाऊ नका ना! माणसाला नाही म्हणा.”

“सुपारी पोटात गेली, वकीलणबाई.”

“पोटात गेली तर गेली. आजारी आहे म्हणून कळवा. मी डॉक्टरांचं सर्टिफिकेट देते.”

बाईंनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. मग म्हणाल्या, “माझं नाव टिकावं म्हणून तुम्ही भांडताय न्हवं? मग मी सुपारी बुडवली तर त्या नावाचं उरलं काय?”

मुजावरबाईंनी माझ्याकडं बघितलं. मी खांदे उडवले. या बाईपुढं मी कधीच हात टेकले होते.

गेलो पिंपळझिरीला. दोन गाड्या, सगळा बाडबिस्तरा. रस्त्यात बाईंचा गुडघा भोपळ्यासारखा सुजला. मी तेल चोळत होतो आणि त्या शिव्या घालत होत्या, मला, ड्रायव्हरला, खड्ड्यांना आणि सरकारला. गाव मात्र लाखात एक. वेशीवर हलगी लावून आमचं स्वागत केलं. आयाबाया हौसाबाईंना बघायला गोळा झाल्या. एक म्हातारी म्हणाली, तरुणपणी मी तुमचा वग नवऱ्याला चोरून ऐकला होता. बाईंनी तिला मिठीच मारली.

रात्रीचा खेळ झाला. सकाळी देवळासमोर देवीच्या मानाचा, हजेरीचा तमाशा, तो उघड्या मैदानात, लख्ख उन्हात. आमच्या माणसानं माईक हातात घेतला आणि पुकारा केला, “बाबूराव सह... हौसाबाई... कोळेगावकर!” आणि मैदान असं उठलं की कबुतरं देवळाच्या शिखरावरून उडाली. बाईंचा हा पुकारा मी शेकडो वेळा ऐकलाय. दरवेळी त्या आत पडद्यामागं डोळे मिटून तो पुरता ऐकायच्या, मगच पाऊल टाकायच्या. त्या दिवशी डोळे उघडले तेव्हा गुडघा कुठं गेला कोण जाणे. अशा नाचल्या, अशा नाचल्या, की मी माझी बत्तावणी, सोंगाड्याचे विनोद, सगळं विसरून बघत उभा राहिलो. शेवटी फेटे उडाले. बाईंनी हात जोडून मुजरा केला आणि दम खात माईकमध्ये बोलल्या.

“मायबापहो, सांगलीवरनं आले. लोक म्हणले, बाई, लांब हाय, पाय दुखतील. अवो, तुमच्यासारखी माणसं समोर असल्यावर कसले पाय आणि कसलं दुखणं? तुम्ही बोलवा, मी जळगावच काय, काशीपर्यंत नाचत येईन!”

टाळ्या, शिट्ट्या. पुढच्या रांगेत सुपारी घेऊन आलेला तो पांढऱ्या टोपीतला पाहुणा मोबाईल वर धरून शूटिंग करत होता. बाईंनी त्याच्या मोबाईलकडं बघून आणखी एक मुजरा खास त्याच्यासाठी केला.

हे वाक्य बाई प्रत्येक गावात म्हणायच्या. कराडला काशी, जतला काशी, कागलला काशी. त्यात मला नवीन काही वाटलं नाही.

हायकोर्टाची तारीख आली. आम्ही तिघं मुंबईला गेलो. त्या दगडी इमारतीच्या जिन्यावर बाई प्रत्येक पायरीला थांबत होत्या. वर बाहेरच्या गॅलरीत नंदू उभा होता. अंगात सफारी. बाईंना बघून तो पुढं आला आणि वाकून पाया पडला.

“आत्ती, प्रकृती कशी आहे?”

“तू हाईस की इचारायला,” बाई म्हणाल्या. “खाल्लंस का काही?”

त्याच्यामागं, भिंतीला टेकून, तो पांढऱ्या टोपीतला पाहुणा उभा होता. त्यानं आम्हाला बघितलं आणि मान खाली घातली. नंदूच्या बायकोचा चुलता तो, हे मला नंतर कळलं. पण कळायचं ते तिथंच कळलं. मी त्याच्या अंगावर धावून जाणार तेवढ्यात बाईंनी माझा सदरा मागून धरला.

“ऱ्हाऊ दे, दत्तू.”

“अहो, ही सुपारी नंदूनंच पाठवली होती! तुम्ही नाही म्हणणार नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं!”

“मीच शिकवलंय त्याला. मांडीवर बसवून.” बाईंचा आवाज असा बारीक मी कधी ऐकला नव्हता.

आत आमचा नंबर लागला. नंदूच्या वकिलानं इंग्रजीत काय काय सांगितलं, ते माझ्या डोक्यावरून गेलं. पण ‘काशी’ एवढं मला कळलं. त्यानं बाईंच्या बोलण्याचं लेखी भाषांतर दिलं, फोटो दिले, सीडी दिली. उन्हात काढलेले फोटो. बाईंचा एक पाय हवेत, चेहऱ्यावर हसू. शपथेवर म्हणतात प्रवास झेपत नाही, आणि त्याच महिन्यात जळगाव जिल्ह्यात हा नाच. मुजावरबाई उठल्या आणि जीव तोडून बोलल्या. साक्षीदार सगळे सांगलीकडचे आहेत, वग लिहिलेला नाही, ही माणसं जळगावला पोचणार नाहीत, आणि स्टेजवरचं बोलणं हे बोलणं नसतं, तो खेळाचा भाग असतो. जज्ज ऐकत होते. मग त्यांनी चष्मा काढला आणि मराठीत म्हणाले, “बाई, जरा पुढे या.”

बाई पुढं झाल्या. पदर दोन्ही खांद्यांवरून घेतलेला.

“तुमच्या वकील म्हणतात, हे नुसतं स्टेजवरचं बोलणं आहे. मनापासूनचं नाही. तसं आहे का?”

मुजावरबाई मागून हळूच म्हणाल्या, “हो म्हणा, बाई. फक्त हो म्हणा.”

मी मनातल्या मनात देव पाण्यात घातले. एक शब्द. हो म्हणायचं आणि मोकळं व्हायचं. दर गावाला तेच म्हणता ना? मग म्हणा की खेळातलं आहे, तोंडदेखलं आहे. कुणाचं काय जातंय?

बाईंनी मान वर करून जज्जांकडं बघितलं.

“साहेब,” त्या म्हणाल्या, “समोर माणसं बसलेली असताना मी खोटं बोलत न्हाई. बोलले ते मनापासनंच बोलले.”

जज्जांनी मान हलवली. कलावंत माणूस गावोगाव फिरतोच, जळगावात बाईंचा चाहतावर्ग आहे, दोन्ही दावे एकाच कोर्टात चालणं सगळ्यांच्या हिताचं, साक्षीदारांना प्रवासखर्च मागता येईल. दावा जळगावला वर्ग. आमच्या जिंदगीचा निकाल एवढ्यात आटोपला. पुढचा वकील फाईल घेऊन उभा राहिलासुद्धा.

बाहेर आल्यावर मी फुटलो. “काय गरज होती? दर गावाला तेच म्हणता तुम्ही! कराडला म्हणता, जतला म्हणता!”

“दर गावाला खरंच असतं ते,” बाई म्हणाल्या आणि जिन्याचा कठडा धरून एकेक पायरी उतरायला लागल्या.

मुजावरबाई खिडकीकडं तोंड करून उभ्या होत्या. त्या रडत होत्या.

पुढं जे व्हायचं ते झालं. सांगलीची मुभा जळगावच्या कोर्टानं उठवली. नोंदणी नंदूच्या नावावर आहे, तेव्हा निकाल लागेपर्यंत बाईंनी ते नाव लावायचं नाही. बोर्डवरचं नाव मी स्वतः काळ्या रंगानं पुसलं. माईकवाला उभा राहायचा आणि म्हणायचा, “सादर करीत आहोत... सांगलीचा फड!” मैदानातून आवाज यायचा, “अरे, कुणाचा?” आम्हाला उत्तर देता यायचं नाही. पाडव्याला गावोगावचे पंच फड ठरवायला विट्याला येतात, पण तिथं राहुटी टाकली तर ते बोर्ड वाचून पुढं जायचे. बाई आत बसलेल्या असायच्या, आणि आम्ही हाक मारून सांगू शकत नव्हतो की हौसाबाई इथं आहेत. दोन हंगामांत फड मोडला. ढोलकीवाला वीटभट्टीवर गेला. पोरी कुठं कुठं गेल्या. मी विट्यात भेळेचा गाडा लावला.

साक्षीला पहिल्या तारखेला चार म्हातारे जळगावला आले. जज्ज रजेवर होते. दुसऱ्या तारखेला दोघं आले. वकिलांचा बंद होता. मग कुणी आलं नाही. नंतर कुणी उरलंही नाही.

पण बाई प्रत्येक तारखेला जायच्या. मुजावरबाई सांगून थकल्या, “बाई, तुम्ही यायची गरज नाही. तिथं माझे ओळखीचे वकील आहेत, ते तारीख घेतील.” छे! एस.टी.नं पुणे, तिथून नगर, तिथून जळगाव. मी सोबत, हातात भाकरीची पिशवी. दिवसभर कोर्टाबाहेरच्या बाकावर बसायचं, तारीख घ्यायची, परत यायचं. मला वाटायचं, बाईंना अजून आशा आहे. न्याय मिळेल, असं वाटतंय बिचारीला. एकदा परतीच्या वाटेवर मी चिडून विचारलंच.

“कशाला जीव जाळता? काही निघणार नाही यातनं. नंदू म्हणतोय, दावा सोडा, तो महिन्याचं काहीतरी देईल. घ्या आणि गप घरी बसा.”

“निघणार न्हाई, म्हाईत हाय मला,” बाई म्हणाल्या.

“मग?”

त्यांनी खिडकीबाहेर बघितलं. मग म्हणाल्या, “तो पट्टेवाला पुकारतो न्हवं दारात येऊन? पुरं नाव घेऊन, मोठ्यानं. हौसाबाई कोळेगावकर. तीनदा. तेवढं ऐकायला येते मी, दत्तू. आता दुसरं कोण पुकारतंय?”

मग माझ्या ध्यानात आलं. पट्टेवाला दारात आला की बाई डोळे मिटायच्या. पहिला पुकारा, दुसरा पुकारा, बाई जागच्या हलायच्या नाहीत. वकील म्हणायचे, अहो, उठा. पण तिसरा पुकारा पुरता झाल्यावरच त्या पदर सारखा करून उठायच्या आणि दारातून आत जायच्या. मला वाटायचं, गुडघ्यामुळं उठायला वेळ लागतो.

मृत्युपत्राचा विषय मुजावरबाईंनी दोनदा काढला. बाई म्हणायच्या, मेल्यावरचं मेल्यावर बघू. गेल्या त्या साध्या तापानं, विट्याच्या सरकारी दवाखान्यात. त्या वेळी माझ्याशिवाय जवळ कुणी नव्हतं. नंदूला मी कळवलं. तो आला, रडला, खांदा दिला. खोटं रडला असं मी म्हणणार नाही.

पुढच्या तारखेला मी एकटाच जळगावला गेलो. कशाला गेलो, सांगता येत नाही. सवय होती म्हणा. भाकरीची पिशवीही सवयीनं घेतलेली. मुजावरबाई मुद्दाम सांगलीहून आल्या होत्या. त्या शेजारी बसल्या आणि मला समजावून सांगायला लागल्या. बाईंना ना नवरा, ना मूल. आईबाप, भाऊ, सगळे गेलेले. मृत्युपत्र नाही, तेव्हा कायद्यानं वारस एकच, भावाचा मुलगा. म्हणजे आता बाईंच्या जागी नंदूच उभा राहणार. त्याच्या दाव्यात आणि बाईंच्या दाव्यातही.

“म्हणजे दोन्हीकडं तोच?”

“दोन्हीकडं तोच. भांडायला दुसरं कुणी उरलंच नाही. आज दोन्ही दावे निकालात निघतील.”

“आणि नाव?”

त्यांनी समोरच्या बाकाकडं बघितलं.

पट्टेवाला दारात आला. त्याच्या हातातल्या कागदावर अजून जुनंच लिहिलेलं होतं. त्यानं घसा साफ केला आणि मोठ्यानं पुकारा केला, “हौसाबाई कोळेगावकर!”

मी डोळे मिटून घेतले.

“हौसाबाई कोळेगावकर!”

समोरच्या बाकावर हालचाल झाली. कुणीतरी उठत होतं.

“हौसाबाई कोळेगावकर!”

“हजर,” नंदू म्हणाला, आणि आत गेला.